चपलांची तोंडं

‘मला परत जायचं नाही,’ एवढंच सांगून अवनी सासरहून चेन्नईला आली होती. कमलिनीबाईंनी लेकीची समजूत घातली, बॅग भरली आणि जाण्याआधी मन रमावं म्हणून तिला अण्णा नगरच्या फिल्म क्लबात जुना जपानी मूकपट दाखवायला नेलं. पडद्यावरही एक मुलगी नवऱ्याचं घर सोडून माहेरी आली होती. तिच्या आईनं दारातल्या तिच्या लाकडी चपला उचलल्या आणि रस्त्याकडं तोंड करून ठेवल्या. सकाळी पोरीनं निमूट परतावं म्हणून. “माझी बॅगही तूच भरलीस, आई,” अंधारात अवनी हळूच म्हणाली. घरी पोचताच अवनीच्या बाबांनी पेपराआडून विचारलं, “उद्या हिची गाडी कितीची?” अवनीनं दाराबाहेर काढलेल्या चपला कमलिनीबाईंनी उचलल्या, आत आणून आपल्या चपलांशेजारी भिंतीकडं तोंड करून ठेवल्या. “कसली गाडी? उद्याही भात तिघांचाच लागणार.”