थांबल्याची रेघ

उच्च न्यायालयात, साक्षीच्या पिंजऱ्यात वीजमीटर बोलत होता. मीटर खोटे बोलू शकत नाही, असे कायद्याने ठरवल्यापासून त्याची उलटतपासणी बंद झाली होती.

"मार्चभर सर्व माग अखंड चालले," तो निर्विकार स्वरात म्हणाला. त्यावरून आलेले मार्चचे वीजबिल न्यायालयाने कायम केले, तर इचलकरंजीतला कारखाना संध्याकाळी बंद पडणार होता.

मालकीण इंदुमती तारळेकर यांनी मार्चमध्ये विणलेला कापडाचा तागा न्यायमूर्तींपुढे उलगडला. "माग थांबून पुन्हा सुरू झाला की कापडावर आडवी रेघ राहते, साहेब. बोट फिरवून बघा."

न्यायमूर्तींच्या बोटाला एकवीस रेघा लागल्या. थांबलेला प्रत्येक क्षण कापडाने जपला होता.

"कापडाला कायद्यात जीभ नाही," मीटर म्हणाला.

"म्हणून तर त्याला कुणी पढवू शकत नाही, बाबा."

न्यायमूर्तींनी शेवटच्या रेघेवरचे बोट उचलले नाही. "मीटरने पिंजऱ्यातच थांबावे," ते म्हणाले. "बाई, विचारा."