मास्क नाकावर घ्या

“वहिनी, मास्क नाकावर घ्या,” तात्यासाहेब म्हणाले.

वहिनींनी त्यांच्या मास्ककडे क्षणभर पाहिलं आणि मान पुन्हा कोर्टाकडे वळवली. शेवटी नवऱ्याने खांद्याला हात लावून नाकाकडे बोट दाखवलं, तेव्हा कुठे मास्क वर गेला. तात्यासाहेबांना हे चांगलंच लागलं.

देवासच्या या हॉलमध्ये बास्केटबॉल लीगचे सामने पुन्हा सुरू झाले होते ते एका अटीवर. खेळाडू आणि कोच सोडून सगळ्यांनी मास्क लावायचा. दोनदा समज, तिसऱ्या वेळी बाहेर. तोंडाने ओरडायलाही बंदी होती. ढोलाला मात्र नव्हती, त्यामुळे ढोलवाले सगळ्या गावाच्या वाटणीचं बडवत होते. स्टँडच्या या बाजूची राखण तात्यासाहेबांकडे होती. घराण्यात तीन पिढ्या संस्थानची नोकरी झालेली, त्यामुळे नियम म्हटला की त्यांना स्फुरण चढे. मघाशी त्यांनी एका नगरसेवकाच्या मेहुण्यालाही बाहेरची वाट दाखवली होती.

बाईंचं नाव विद्युल्लता. नवरा अशोक इथल्याच एका कारखान्यात, नोकरीसाठी साताऱ्याकडून आलेला. देवासच्या संघात खेळणारी अक्षदा ही त्यांची मुलगी. आज हरलात तर पुढच्या वर्षी संघच ठेवणार नाही, असं संघाच्या मालकांनी साफ सांगितलं होतं. म्हणजे पोरीची रोजीरोटी पणाला लागलेली, आणि आईला धड मास्क लावता येऊ नये?

“आपल्या संघामागे जागा रिकाम्या आहेत की,” तात्यासाहेब अशोकच्या कानाशी वाकून म्हणाले. “पाहुण्यांच्या बाकामागे का बसलात?”

“इथून पोरगी समोर दिसते, साहेब.”

ते खरं होतं. पाहुणा संघ महाराष्ट्रातला. टाइमआउट झाला की त्यांच्या मुली बाकावर बसत आणि कोच त्यांच्यासमोर, म्हणजे स्टँडकडे तोंड करून, हातवारे करत बोलत. पलीकडच्या बाकावर अक्षदा घाम पुसत आईकडे बघत बसे. तिचे कोच राजवीर हातातली डावपेच आखायची फळी तिच्या नाकासमोर नाचवत, पण तिचं लक्ष आपलं आईकडेच. एवढी मोठी घोडी आणि अजून आईचा पदर सुटत नाही, असं तात्यासाहेबांच्या मनात आलं.

मध्यंतराला देवास बरंच मागे होतं. पण नंतर वारं फिरलं. अक्षदा कुठून उगवायची ते पाहुण्यांना कळेना. पास सुटायच्या आधीच तिचा हात तिथे हजर. अंतर भराभर तुटत गेलं. तात्यासाहेबांनी एकदा चक्क उडी मारली आणि मग कुणी पाहिलं तर नाही ना म्हणून इकडेतिकडे बघितलं.

तेवढ्यात त्यांना दिसलं, बाईंचा मास्क पुन्हा एका कानाला लोंबत होता.

“वहिनी, ही दुसरी समज. ऐकताय ना?”

शेजारी ढोल फुटायची वेळ आली होती, पण बाईंची पापणी हलत नव्हती.

“अशोकराव, सांगा जरा त्यांना. माणसाला एवढी घमेंड बरी नव्हे.”

“घमेंड नाही हो,” अशोक म्हणाला. “मॅच संपली की सांगतो सगळं. तोवर बसू द्या तिला.”

“माझ्या हातात असतं तर बसू दिलं असतं. नियम आहे.”

शेवटचे काही सेकंद उरले. पाहुणे एका गुणाने पुढे, आणि बॉलही त्यांच्याचकडे. त्यांच्या कोचनी टाइमआउट घेतला. आणि नेमकं तेव्हाच बाईंनी मास्क नाकावरून हनुवटीखाली ओढला, वर घेतला आणि पुन्हा खाली ओढला.

आता मात्र हद्द झाली. “उठा,” तात्यासाहेब म्हणाले. “तिसरी वेळ आहे. चला बाहेर.”

“हात जोडतो, एवढा एक खेळ होऊ द्या,” अशोक मध्ये उभा राहिला.

“अरे भिया, काकांना खाली बसवा, कुछ दिख नहीं रिया,” मागून कुणीतरी कुरकुरलं.

शिट्टी वाजली. पाहुण्यांच्या मुलीने बॉल उजवीकडे फेकल्यासारखं केलं. सगळा देवास संघ उजवीकडे झुकला. अक्षदा तेवढी आपल्या वाट्याची खेळाडू सोडून सुसाट डावीकडे पळाली होती. डावीकडे सुटलेला बॉल सरळ तिच्या हातात आला. पुढे मैदान मोकळं. तिने धावत जाऊन बास्केट केलं आणि भोंगा वाजला.

देवास जिंकलं. ओरडायची बंदी कुठल्या कुठे गेली. राजवीर फरशीवर गुडघे टेकून रडत होते, पोरींनी अक्षदाला उचललं होतं. तात्यासाहेब बाकड्यावर चढून नाचत होते आणि त्यांचा स्वतःचा मास्क हनुवटीवर आला होता.

“अभिनंदन, वहिनी,” ते खाली उतरून धापा टाकत म्हणाले. “पोरीने पांग फेडले तुमचे.”

“आभारी आहे,” विद्युल्लता हसून म्हणाली. आवाज जरा चढाच होता. “तुमचाही घसा बसला असेल आता.”

तात्यासाहेब बघतच राहिले. “बोलता की तुम्ही. मग मघापासून मी कंठशोष करतोय तो ऐकू आला नाही?”

“मघाशी तुमचं तोंड झाकलेलं होतं,” ती म्हणाली. “अक्षदा झाली तेव्हा बाळंतपणात ताप आला, त्यात माझे कान गेले. तेव्हापासून मी ओठ वाचते. हे मास्क आले आणि दोन वर्षं बाहेर कुणाचं काही कळलंच नाही. आज त्या कोचसाहेबांचं तोंड उघडं होतं, ते आपल्या पोरींना जे जे सांगत होते, ते मी घरी ठरवलेल्या खुणांनी, मास्क हलवून अक्षदाला कळवत होते.”