काडीमोड

पंचांनी काडी हौसाच्या नवऱ्याच्या हातात दिली. नवऱ्यानं काडी मोडली की बायको मोकळी, अशी जातीची रीत. बाईनं काडीला शिवायचं नाही.

"मोडत नाही, जा," म्हणत त्यानं काडी खिशात घातली.

"कोर्टानं फारकत दिलीय मला," हौसानं कागद पुढं केला.

"कागद कोर्टात दाखव. इथं काडी लागते," पंच म्हणाले. "तुझी आई थांबलीच ना जन्मभर?"

आई शेजारीच बसली होती. हौसाच्या बापानं दुसरी बाई ठेवली, पण आईची काडी मरेपर्यंत मोडली नाही.

हौसानं नवऱ्याच्या खिशातून काडी उपसली आणि कटकन मोडली. अर्धी आईच्या हातात दिली. "ही बापाची. मोड."

आईनं ती दाढेखाली धरली, चावून चोथा केला आणि पंचांच्या पायापुढं थुंकली.