छत्रीचा कोन

"उत्तमराव, ती फुटकी छत्री द्या. खोचरे सरांच्या सत्काराला स्टेजवर ठेवायची आहे," असं सत्कार समितीचा नलवडे म्हणाला आणि माझं डोकंच फिरलं.

गावात पहिली केबल मी आणली. शनिवारी रात्री गच्चीवरची डिशची छत्री पश्चिमेला वळवली की युरोपातलं तसलं चॅनल लागायचं. एखाद्या शनिवारी नाही लावलं तर मोठमोठ्या घरांतून फोन यायचे, "अहो, छत्री फिरवा की!" मग एके दिवशी भूमितीचे खोचरे सर मोर्चा घेऊन आले आणि त्यांनी पहारीनं छत्री फोडली. 'तसल्या केबलवाल्याची पोर' म्हणून माझ्या लेकीचं जमलेलं लग्न मोडलं. सर मात्र संस्कृतिरक्षक झाले.

पुढे ते चॅनलही बंद पडलं. आता त्याच्या दसपट घाण प्रत्येकाच्या खिशातल्या मोबाईलवर आहे. काढा की त्यावर मोर्चा!

"छत्री कधीच भंगारात गेली. हे न्या," म्हणत मी माळ्यावरून शाळेचा मोठा लाकडी कोनमापक काढला.

"हे कशाला?"

"युरोपचं चॅनल सुरुवातीला लागेना, नुसत्या मुंग्या दिसायच्या. तेव्हा सरच हा घेऊन गच्चीवर चढले. अठरा अंशांवर छत्री त्यांनीच बसवली. चित्र स्वच्छ आल्यावर अठरापाशी लाल शाईनं 'बरोबर' लिहिलं आणि सवयीनं खाली सही ठोकली. ती अजून आहे. स्टेजवर हे ठेवा."