सोमवारचे बटाटे

तनुजानं दारात चपला काढल्या आणि आतून लोण्याचा वास आला. सासूबाई तर या वेळी कोपऱ्यावरच्या महादेवाला जातात. मग गॅसपाशी कोण?

शिवम. तिचा नवरा. पाठमोरा, खांद्यावर पंचा, हातात उलथनं.

ती चौकट धरून उभीच राहिली. लग्नसराईचे दिवस. दिवसभर गुलमंडीतल्या दुकानात साड्या उलगडायच्या, पुन्हा घड्या घालायच्या, "ताई, यात दुसरा रंग दाखवा ना" ऐकायचं, आणि तेही सोमवारचा उपास धरून. पायांचे तुकडे पडले होते. भुकेनं भास तर होत नाही ना, असं तिला वाटून गेलं.

वाटणारच. कंपनीनं घरी बसवलं तेव्हापासून, म्हणजे उन्हाळ्यापासून, हा माणूस पलंगावर होता. भिंतीकडं तोंड करून पडायचा. जेवायला उठवा, दाढीची आठवण करा. डॉक्टरांच्या गोळ्या चालू होत्या, आणि त्याच्या आईचे, साळूबाईंचे, सोमवारही. त्यांनी वेरूळला जाऊन देवापुढं पदर पसरला होता, "नोकरीचं ऱ्हाऊ दे रे देवा. माझं पोरगं तेवढं उठून उभं कर." तेव्हापासून सासू-सून दोघींचा कडक उपास. रात्रीसुद्धा सोडायचा नाही, फराळावरच राहायचं.

"आलीस? बस. कशाला हात लावू नको." शिवमचा आवाज घोगरा होता. किती दिवसांत एवढं बोलला नव्हता.

"काय करताय?"

"बटाटे. उकडून बटरमध्ये परतले. वर कोथिंबीर, आणि कुंडीतला पुदिना. मोबाईलवर बघितलं." तो कढईकडं बघूनच बोलत होता. "तुझा उपास ना आज. साबुदाण्यानं पोट दुखतं तुझं. रात्री कण्हतेस."

तनुजाला एकदम रडूच आलं. म्हणजे हा भिंतीकडं तोंड करून पडतो, पण ऐकत असतो.

ती तिथंच फरशीवर बसली. त्यानं ताटलीत वाढलं. फोडी कडेनं खरपूस, लोणी सुटलेलं, हिरवा पाला चिकटलेला. तिनं ताटली जवळ ओढली आणि हात थांबला. फोडींच्या मधे लसूण होता. चांगला ठेचून, लाल होईस्तोवर परतलेला. ओट्यावर सालींचा ढीग.

हात्तिच्या! उपास म्हणून आठवणीनं बटाटे केले, आणि त्यात लसूण घातला मूठभर. या घरात सोमवारी लसणाच्या टोपलीकडं कुणी बघतसुद्धा नाही. आता याला सांगायचं कसं? मागं एकदा त्यानं चहा केला होता. आई सहज बोलून गेल्या, "पाणीच लई झालं रे." झालं. कप तसाच ठेवून गडी जो पलंगावर गेला, तो आठवडाभर कुणाशी बोलला नाही.

"खा ना," शिवम म्हणाला. "बरं नाही दिसत का?"

तिनं एक फोड उचलली. महादेवा, तूच बघून घे बाबा, असं मनात म्हणाली आणि खाल्ली.

"मस्त झालंय," ती म्हणाली. खोटं नव्हतं. खरंच झालं होतं.

तेवढ्यात दार वाजलं. साळूबाई आत आल्या, हातात बेलाची पानं. दोन पावलं टाकली आणि त्यांचं नाक वर झालं.

"लसूण कुणी टाकला गं? आज वार कोणता हाय?"

तनुजाचा घास तोंडातच राहिला. तिनं सासूकडं बघून मान हलवली. नका, आई, आत्ता नका. शिवमनं सालींकडं बघितलं, मग बायकोच्या ताटलीकडं.

"लसूण चालत नाही, नाही का?" तो म्हणाला. "ध्यानातच नाही आलं माझ्या. मोबाईलवर होतं, म्हणून..." त्याची नजर आतल्या खोलीकडं वळली.

साळूबाई लेकाकडं बघत राहिल्या. खांद्यावरचा पंचा, हातातलं उलथनं, सदऱ्यावर उडालेलं लोणी. मग त्यांनी बेल देव्हाऱ्यात ठेवला, हात धुतले आणि सुनेशेजारी फतकल मारून बसल्या.

"मला बी वाढ."

"आई, तुझा उपास..."

"वाढ म्हणलं ना. सकाळधरनं पोटात काही नाय."

त्यानं वाढलं. साळूबाईंनी फोड तोंडात टाकली, लसणासकट. सावकाश चावली. पण जन्माची खोड, ती कुठं जाते?

"मीठ कमी हाय रे."

तनुजानं डोळेच मिटून घेतले. संपलं. आता हा चालला पलंगाकडं. पावलं वाजली. पण खोलीकडं नाही, फळीकडं गेली. तिनं डोळे उघडले तर शिवम दोन बरण्या घेऊन उभा. एकीत रोजचं मीठ, दुसरीत उपासाचं सैंधव.

"कोणतं देऊ, आई?"

साळूबाईंनी पदरानं डोळे पुसले आणि ताटली पुढं केली.

"रोजचं दे, बाबा. रोजचंच दे."