साहेबांचं हसू

"दात दिसू द्या, साहेब. अहो, इतके नव्हेत!" यून-ही ओठ न हलवता पुटपुटली.

महापौरपदाचे उमेदवार नामगुंग साहेब बुसानजवळच्या मासळीबाजारात अकरा कॅमेऱ्यांसमोर उभे होते. तीस वर्षं न्यायाधीशाच्या खुर्चीत बसलेला माणूस. हसले तरी शिक्षा सुनावतायत असं वाटायचं. त्यांना चारचौघांत मिसळणारा पुढारी बनवायचं काम यून-हीकडे होतं. तिने त्यांचा टाय सोडवला, कोपरावर विटलेलं जाकीट शोधून आणलं, आठवडाभर आरशासमोर उभं करून हसवलं. मतदानाला सहा दिवस उरले होते आणि साहेब अजून नऊ टक्क्यांनी मागेच.

ओमुकच्या गाडीवर माक-रे आज्जीने उकळत्या रश्श्यातून माशाच्या वड्यांची काडी उचलली आणि साहेबांच्या हातात दिली. शिकवल्याप्रमाणे त्यांनी मोठा घास घेतला.

"आई गं! मेलो!"

घास उडाला तो थेट जाकिटावर. साहेब जीभ बाहेर काढून जागच्या जागी नाचायला लागले. आज्जीने त्यांच्या पाठीत धपाटा घातला.

"फुंकून खायचं असतं रे बाबा! कोर्टात एवढंही शिकवलं नाही होय?"

अख्खा बाजार खो खो हसला. मग साहेबही हसले. पोट धरून, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत.

यून-हीने कपाळावर हात मारला. गेली नोकरी!

दुसऱ्या दिवशी साहेबांच्या त्या हसण्याचाच फोटो घरोघरी पोचला. "हा तर आपल्यातलाच निघाला की," लोक म्हणाले. साहेब चारशे मतांनी निवडून आले.

यून-ही तांदळाच्या मिठाईचा डबा घेऊन आज्जीकडे धावली. "आज्जी, नशीब बघा ना! तो घास एवढा गरम नसता तर आम्ही बुडालोच होतो."

"नशीब?" आज्जीने डबा उघडला. "हा बाजार पाडायला निघाले होते, तेव्हा याच माणसाने निकाल देऊन आम्हाला वाचवलं. आणि तू त्याला तोंडावर लाकडी हसू ठोकून पाठवलंस!"

तिने एक तुकडा तोंडात टाकला.

"लांबूनच बघितलं मी. म्हटलं, हा पडणार. म्हणून गॅस मोठा केला."