अंगठ्याची दोरी

नातवाच्या लग्नाच्या साली लकव्यानं तानूबाई बाजेला खिळली. पणतू झाल्यावर झोळीची दोरी तिनं पायाच्या अंगठ्याला बांधून घेतली. तेवढा एकच पाय हलायचा. पाय थांबला, की पोर जागं होई. नातसुनेला मंचरला कामावर जायचं होतं. बाळांच्या झोपेवर संशोधन करणाऱ्या डॉक्टरीणबाईंनी सांगितलं, झोका बंद करा, त्याचं त्याला झोपू द्या. नातसुनेनं दोरी सोडली. "आठ दिवस रडंल, आजी, मग शिकंल." "मी सात निजवली, तवा कुठं व्हती तुजी डाक्टरीण?" पोर रडायचं, तानूबाईचा पाय रिकामाच झुलायचा. दहा दिवसांत पोर सतरंजीवर निमूट झोपायला लागलं. पण नातसुनेला तो पाय बघवेना. पोराला झोळीत घालून तिनं दोरी पुन्हा अंगठ्याला बांधली. झोका बसताच पोर किंचाळलं. "सोड गं," तानूबाई म्हणाली, "निजू दे त्याला." तानूबाई पौषातल्या अमावास्येला वारली.